साखळकरांचा सहावा भाग

डॉ. मनोहर साखळकर यांच्याबद्दल ब्रिस्टलच्या आमच्या मराठी मंडळात दोन मतं होती. पहिलं, की ते फार मोठे डॉक्टर होते. दुसरं, की त्यांच्या हातात प्रोजेक्टर देणं ही मंडळाच्या इतिहासातली सगळ्यात मोठी चूक होती. पहिलं मत त्यांच्यासमोर मांडलं जायचं, दुसरं किचनमध्ये, ओव्हनमध्ये समोसे गरम होत असताना. दोन्ही मतं मांडणारी माणसं तीच. तिसरी गोष्ट मात्र आमच्यापैकी कोणालाच माहीत नव्हती. एका बाईचं गेलेलं नाव या माणसाच्या हातात होतं, एका पत्रानं परत करता येण्याजोगं, आणि ते त्यांनी पंचवीस वर्षं परत केलं नव्हतं. ते त्यांनी शेवटी केलं का, हे सांगायला मी बसले आहे. जपानी मालिका ओघानं येईलच. डॉक्टरांबद्दल बोलताना ती टाळता येत नाही. आम्हाला तर ती दर महिन्याला टाळावीशी वाटायची आणि कधीच टाळता आली नाही.

मी ब्रिस्टलला आले विमानाच्या इंजिनांच्या नोकरीसाठी आणि मंडळात गेले वडापावच्या ओढीनं. तिसऱ्या महिन्यात मी सेक्रेटरी झाले, कारण मीटिंगला उशिरा पोचले. आमच्याकडे निवडणूक अशीच होते. अध्यक्षा वर्षाताईंनी किल्ल्या माझ्या हातात ठेवल्या आणि म्हणाल्या, "मृणाल, बाकी सगळं इझी आहे गं. फक्त थर्ड संडेला साखळकर डॉक्टरांना हॉल उघडून द्यायचा आणि शेवटपर्यंत थांबायचं. कुणीतरी थांबावं लागतं, नाहीतर ते हर्ट होतात."

तिसऱ्या रविवारी दुपारी दोन वाजता चर्चच्या हॉलमध्ये मी त्यांना पहिल्यांदा पाहिलं. उंच, किडकिडीत, कोपरांना चामड्याची ठिगळं लावलेला स्वेटर आणि रविवार असूनही टाय. हातात टोमॅटोच्या रोपाला आधार देतात तसला हिरवा बांबू. खाली प्लास्टिकच्या पेटीत सहा डिस्क. चॅरिटी शॉपमध्ये त्यांना ही जपानी मालिका सापडली होती आणि त्या दुकानाचं भलं कधीही होऊ नये असा आशीर्वाद आमच्या कित्येक सभासदांनी दिला होता. मालिकेचं खरं नाव कुणालाच उच्चारता येत नसे. डॉक्टर तिला 'राखेचं बंदर' म्हणायचे.

काळ महायुद्ध संपल्यानंतरच्या दोन वर्षांचा. जपानातलं एक भणंग बंदर. रेशन कचेरीतला कारकून गोदीत मरून पडलेला सापडतो आणि युद्धावरून परत आलेल्या एका सैनिकाला पोलीस पकडून नेतात, कारण त्याला झोपायला जागा नसते आणि तो गोदीवर दिसलेला असतो. सहा तासांच्या मालिकेत कोणी एकदाही हसत नाही. सगळे खोकतात. चिखल आहे, धूर आहे, रताळं आहे, आणि एक रताळं चौघांत वाटून खातानाचा प्रसंग तर मी घड्याळ लावून मोजला, अकरा मिनिटांचा आहे.

"हे लोक हसत नाहीत का हो कधी?" वर्षाताईंनी एकदा न राहवून विचारलं.

"युद्ध हरलेत ते," डॉक्टर म्हणाले.

"आपण पानिपत हरलो, तरी हसतोच की!"

"म्हणूनच आपल्याला काही कळलं नाही," असं म्हणून डॉक्टरांनी बांबूनं प्ले दाबलं.

तुम्ही म्हणाल, बघायला कोण येत होतं? तर आया. आमच्या मंडळातल्या प्रत्येक घरात वर्षातून एकदा कोणाची तरी आई किंवा सासू सहा महिन्यांच्या व्हिसावर येते. नातवंडं सांभाळते, डबे भरते, रेडिएटरवर पापड वाळवते. रविवारी तिला कुठेतरी न्यायचं असतं आणि स्वतःला दोन तास मोकळं व्हायचं असतं. सिनेमा रविवार त्यासाठी उत्तम होता. पुढच्या रांगेत शाली पांघरलेल्या आया, मागे मोबाइलमध्ये डोकं घातलेली त्यांची मुलं. सहा महिन्यांचा व्हिसा, सहा भाग. हा योगायोग डॉक्टरांना फार आवडायचा. आयांची नवी तुकडी आली की ते पुन्हा पहिल्या भागापासून सुरू करायचे.

मालिकेला खाली इंग्रजी अक्षरं होती. आयांना इंग्रजी येत नाही हे मंडळानं परस्पर ठरवून टाकलं होतं. म्हणून डॉक्टर पडद्याशेजारी उभे राहून अक्षरं वाचायचे आणि लगेच मराठीत मोठ्यानं बोलून दाखवायचे. ही त्यांची खरी कला. मूळचे मालवणचे, त्यामुळे मालिकेतली सगळी भली माणसं मालवणी बोलायची. तो सैनिक आईच्या भेटीसाठी गजांआडून गयावया करायचा, "माका आवशीक भेटाक व्हया!" आणि पुढची रांग पदरानं डोळे पुसायची. दुष्ट माणसं मात्र स्वच्छ पुणेरी. काळाबाजारवाला सुरा काढून म्हणायचा, "आपण जरा बसून घेता का? आपल्याला ठार मारायचं आहे."

मी पुण्याची. पहिल्याच दिवशी मी विचारलं, "डॉक्टर, खुनी पुणेरीच का?"

"अगं, खालची अक्षरं फार सभ्य आहेत त्याची. मी काय करू?"

प्रत्येक भाग संपला की ते दिवे लावून आयांकडे वळायचे आणि म्हणायचे, "निदान आधी, रडणं नंतर. सांगा, दोषी कोण?" बिचाऱ्या आया पोलिसाचं नाव घ्यायच्या, काळाबाजारवाल्याचं घ्यायच्या. एका कोल्हापूरच्या आजींनी थेट सरकारचं घेतलं. पोलिसांच्या डॉक्टरचं नाव कोणी घेतलं की मात्र ते बिस्किटांचा डबा पुढे करून विषय बदलायचे. हा मालिकेतला डॉक्टर म्हणजे मोरिता. कारकून सकाळी मेलेला असतो. मोरिता अहवालात दुपार लिहितो, कारण साहेबांना तशी हवी असते. सैनिक दुपारी गोदीवर असतो. तेवढ्या एका शब्दावर त्याचा गळा दोरात अडकतो. आणि त्याची म्हातारी आई पाच भाग एका कचेरीतून दुसऱ्या कचेरीत फिरत राहते.

सहावा भाग कधी दाखवलाच गेला नाही. "डिस्क खराब झाली आहे," असं डॉक्टर सांगायचे. लोक हळहळल्याचं सोंग करायचे आणि खुर्च्या उचलायला लागायचे. दर तुकडीतल्या आया शेवट न बघताच भारतात परत गेल्या. कुणी तक्रार केली नाही. पाच भाग भोगल्यावर सहाव्यासाठी भांडणारा माणूस अजून जन्माला यायचा होता, असं आम्ही समजत होतो.

पण माणूस लाख मोलाचा होता, हेही सांगायला हवं. माझ्या मुलीला ताप आला तेव्हा सर्जरीनं, म्हणजे इथल्या सरकारी दवाखान्यानं, चार दिवसांनंतरची अपॉइंटमेंट दिली आणि डॉक्टर दोन बस बदलून वीस मिनिटं तिच्या छातीला कान लावून बसले. जाताना आमच्या रेडिएटरमधली हवा काढून गेले. घरी एकटेच राहायचे; बायको, विजयाकाकू, काही वर्षांपूर्वी गेल्या होत्या. मंडळातल्या कोणाच्याही बाळाचा पासपोर्ट काढायचा असला की फोटोच्या मागे एखाद्या ओळखीच्या प्रतिष्ठित माणसाची सही लागते, आणि आमच्यात प्रतिष्ठित म्हटलं की साखळकर. ती सही मिळवणं मात्र पासपोर्ट मिळवण्यापेक्षा अवघड. वर्षाताईंच्या नातवाचा फोटो तो तीन आठवड्यांचा असताना काढलेला. सहीच्या वेळी तो तीन महिन्यांचा, गाल वर आलेले. डॉक्टरांनी फोटो बाळाच्या शेजारी धरला, भिंग काढलं आणि निकाल दिला, "हे ते बाळ नव्हे."

"अहो डॉक्टर, सीरियसली? मी त्याची आजी आहे!"

"तुम्ही आजी आहात याबद्दल वाद नाही. कान जुळत नाहीत. जे मी स्वतः पाहिलं नाही त्याच्याखाली मी सही करत नाही, वर्षाताई. सही ही गंमत नव्हे."

फोटो पुन्हा काढावा लागला. आम्ही पोट धरून हसलो. त्या वाक्यावर हसण्यासारखं काय होतं, हे आता आठवलं की मला स्वतःची लाज वाटते.

शालिनी पाटणकरांना मी पहिल्यांदा ईस्टनच्या किराणा दुकानात पाहिलं. संक्रांतीच्या तिळासाठी डॉक्टर आणि मी गेलो होतो. काउंटरपाशी एक सावळ्या, ठेंगण्या, सत्तरीच्या बाई कढीपत्ता निवडत होत्या. डॉक्टरांनी त्यांना पाहिलं, भरलेली टोपली तिथेच जमिनीवर ठेवली आणि ते बाहेर निघून गेले. मी तीळ घेऊन आले तेव्हा पाऊस नसताना छत्री उघडून उभे होते. मी काही विचारायच्या आत म्हणाले, "आत फार गरम होत होतं."

त्या बाई कोण, ते वर्षाताईंना विचारलं. त्यांच्याकडे सगळ्याची माहिती असते आणि तपासलेली एकही नसते. "ती शालिनी ना? मिरजेची. नर्स होती डॉक्टरांच्या वॉर्डला. राँग डोस दिला, पेशंट गेला. चौकशी झाली, नर्सेसच्या रजिस्टरमधून नाव काढलं. पण डॉक्टरांनी किती सांभाळून घेतलं म्हणे, अदरवाइज जेल झाली असती! आणि ही बया बघ, मंडळात पाऊल टाकत नाही. ग्रॅटिट्यूड म्हणून नाही." मंडळात शालिनीताईंना पाठीमागे 'इंजेक्शनवाली' म्हणत. मीही एकदोनदा म्हटलं असेन.

त्या वर्षी ऑक्टोबरात माझ्या सासूबाई आल्या. वर्ध्याच्या. बत्तीस वर्षं मुलींच्या शाळेत इंग्रजी शिकवून निवृत्त झालेल्या. ही गोष्ट मंडळात कोणाला माहीत नव्हती, कारण कोणी विचारली नव्हती. नऊवारी नसली तरी पातळ, त्याखाली स्पोर्ट्स शूज, डोक्याला कानटोपी. एवढं पाहून वर्षाताईंनी त्यांना हळू, मोठ्या आवाजात आणि क्रियापदं गाळून समजावलं होतं, "आजी, इथे. सिनेमा. डॉक्टर मराठीत. ओके?" सासूबाई म्हणाल्या, "हो बाई, ओके," आणि पुढच्या रांगेत बसल्या.

मी सांगायला हवं होतं. पण खरं सांगायचं तर मला गंमत बघायची होती.

पहिले चार भाग त्या काही बोलल्या नाहीत. घरी आल्यावर नितीननं, म्हणजे त्यांच्या मुलानं, विचारलं की त्या एवढंच म्हणायच्या, "डॉक्टर छान वाचून राहिले. जास्तीचंही वाचून राहिले." फेब्रुवारीत पाचवा भाग लागला. त्याच्या शेवटी एक तरुण इन्स्पेक्टर मोरिता डॉक्टरला गाठतो. कोणी न बोलता बराच वेळ धूर दिसतो. मग इन्स्पेक्टर विचारतो, तुम्ही दुपार का लिहिली? मोरिता मान वर न करता अगदी थोडकं काहीतरी बोलतो.

आमचे डॉक्टर पुढे सरसावले. बांबू छातीशी धरून म्हणाले, "इन्स्पेक्टरसाहेब, तुम्ही वयानं लहान आहात. तो काळ तुम्ही पाहिला नाही. वरून दबाव होता. माणसं अपुरी होती, छत्तीस छत्तीस तास ड्युटी होती. माझी मुलं शाळेत होती. मी खरं बोललो असतो तर एक उत्तम डॉक्टर कायमचा गेला असता, आणि पुढे त्यानं जे शेकडो जीव वाचवले ते कोणी वाचवले असते? मला सांगा, कोणी?" पडद्यावरचा मोरिता केव्हाच उठून गेला होता. पडद्यावर नुसती रिकामी खुर्ची होती आणि आमचे डॉक्टर तिच्या वतीनं बोलत होते. दोन आयांनी माना डोलावल्या. बिचाऱ्याचंही बरोबर आहे, असं एक जण म्हणालीसुद्धा.

चहाच्या वेळी डॉक्टर डिस्कची पेटी घेऊन किचनमध्ये होते, तिथे सासूबाई कप घेऊन सरळ त्यांच्याकडे गेल्या. मी मागे होते.

"डॉक्टर, एक विचारू? खाली तीन शब्द होते. 'आय वॉज अफ्रेड.' त्याचं एवढं मोठं भाषांतर होते?"

डॉक्टरांनी कप खाली ठेवला. मला वाटलं ते आता नेहमीसारखं फटकळ काहीतरी बोलतील. ते म्हणाले, "तुम्हाला वाचता येतं?"

"शिकवता येते. बत्तीस वर्षं तेच केलं."

"कधीपासून... म्हणजे, सगळेच भाग?"

"सगळेच. मोरिताच्या तोंडी तुम्ही दरवेळी भर घालता. बाकी कोणाच्या नाही. तो सुरेवाला गुंड शब्दाला शब्द बरोबर. मला वाटलं, ह्या एकाच माणसाचा तुम्हाला इतका पुळका का आहे?"

डॉक्टरांनी किचनचं दार आतून लावून घेतलं. समोसे जळत होते, मी ओव्हन बंद केला. आणि त्या माणसानं, ज्यानं एका बाळाचे कान जुळत नाहीत म्हणून सही नाकारली होती, आम्हाला सांगितलं.

डोस त्यांनीच सांगितला होता, तोंडी, वॉर्डमधून घाईनं जाता जाता. दहापट. शालिनीनं दोनदा विचारलं, "सर, नक्की एवढाच?" दुसऱ्यांदा ते तिच्यावर ओरडले की मला शिकवू नकोस. तिनं दिला. म्हातारे गृहस्थ होते, अर्ध्या तासात गेले. डॉक्टरांनी त्यानंतर केसपेपर मागवला, वर बरोबर डोस लिहिला आणि खाली सही केली. चौकशीत त्या कागदाकडे बोट दाखवलं गेलं. शालिनी म्हणाली, सरांनी तोंडी वेगळं सांगितलं होतं. तिला विचारलं, साक्षीदार? साक्षीदार एकच होता आणि तो समोर टाय लावून बसला होता.

"विजयाला माहीत होतं," ते म्हणाले. "ती एक अक्षर बोलली नाही मला. फक्त दर दिवाळीला शालिनीकडे फराळाचा डबा पाठवायची. आणि शालिनी दर वर्षी तो तसाच बांधलेला परत पाठवायची. तिसऱ्या दिवशी आमच्या दारात डबा. मग आठवडाभर तेच आम्ही खायचं. मी त्या चकल्या कशा खाल्ल्या असतील, तुम्हाला कल्पना नाही."

मला त्यांचा भयंकर राग आला. माझ्या मुलीच्या छातीला कान लावणारा माणूस हाच, हे डोक्यात बसेना. मी काहीतरी तिखट बोलणार होते. पुण्याची आहे, माझ्याकडे साठा असतो. पण सासूबाईंनी विचारलं, "आणि सहावा भाग?"

"डिस्क खराब आहे."

"द्या इकडे." त्यांनी पेटी उघडली, डिस्क खिडकीच्या उजेडात धरून तिरकी केली. "एक ओरखडा नाही डॉक्टर."

ते ओट्याला टेकले. "सहाव्यात मोरिता जातो कोर्टात. सगळं खरं सांगतो. पण उशीर झालेला असतो. आदल्या आठवड्यात पोराला फाशी झालेली असते. मग तो त्याच्या आईकडे जातो आणि ती दारात... मला नाही बघवत. पूर्ण एकदाच बघितलाय मी."

सासूबाईंनी डिस्क पेटीत परत ठेवली, वर्गात खडू ठेवत असतील तशी. मग म्हणाल्या, "अहो, तुमची शालिनी तर जिवंत आहे न! याच गावात राहते, दुकानात भेटते, मृणालनं सांगितलं मला. मग तुम्हाला काय धाड भरली?"

सासूबाईंचं परतीचं विमान मार्चअखेरीला होतं. त्याच्या आत पत्र पुरं झालं पाहिजे असं त्यांनी डॉक्टरांना बजावलं आणि दर बुधवारी दुपारी ते आमच्या डायनिंग टेबलावर येऊन बसू लागले. नर्सिंगचं रजिस्टर सांभाळणाऱ्या कार्यालयाला पत्र. एवढ्या मोठ्या डॉक्टरांचा पहिला मसुदा असा होता की वाचणाऱ्याला वाटावं, चूक हवामानामुळे झाली. सासूबाईंनी लाल पेन मागवलं. 'दुर्दैवी परिस्थिती' गेली. 'त्या काळातली कार्यपद्धती' गेली. 'अनवधान' गेलं. "हे काय, चूक झाली? आपोआप झाली का? कोणी केली ते लिहा." डॉक्टर शाळकरी पोरासारखे खाली मान घालून खोडायचे. पहिला मसुदा चार पानांचा होता, शेवटचा एक पान. नितीन म्हणाला, "आई, बास आता, तो माणूस ऐंशीला आलाय." सासूबाई म्हणाल्या, "ती बाई काय वीस वर्षांची आहे?"

मार्चमध्ये सहावा भाग लागला का, तर लागला. हॉलमध्ये आया आणि आम्ही दोघी. डॉक्टरांनी वाचून दाखवलं, शब्दाला शब्द, काही न वाढवता. शेवटी त्यांनी दिवे लावले नाहीत, दोषी कोण तेही विचारलं नाही. सोलापूरच्या एका आजींनी मला दारात गाठून सांगितलं, "शेवट काही बरा नव्हता बाई. पण निदान होता."

पुढच्या शनिवारी सकाळी मी त्यांना फिशपॉन्ड्सला, शालिनीताईंच्या घरी, घेऊन गेले. मोतीबिंदूच्या ऑपरेशननंतर ते गाडी चालवत नसत. मागे सासूबाई. डॉक्टरांच्या खिशात दोन न चिकटवलेले लिफाफे, एक कार्यालयाचा आणि एक त्याच पत्राच्या प्रतीचा, शालिनीताईंसाठी. वाटेत ते एकच वाक्य बोलले, "तू गाडीतच थांब हं, मृणाल." मी काच खाली करून थांबले. मी सेक्रेटरी आहे. सगळं ऐकणं माझं काम.

दार शालिनीताईंनी उघडलं. हाताला पीठ होतं. त्यांनी डॉक्टरांकडे पाहिलं, मग गाडीकडे, मग पुन्हा डॉक्टरांकडे. डॉक्टरांनी लिफाफा पुढे केला. त्यांनी तो घेतला नाही.

"काय आहे?"

"पत्र आहे. रजिस्टरवाल्यांना. डोस मी सांगितला होता, असं."

"वाचा," शालिनीताई म्हणाल्या. "माझे हात भरलेत."

बारीक पाऊस पडत होता. डॉक्टरांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला आणि वाचायला लागले. दोन ओळी झाल्यावर शालिनीताई म्हणाल्या, "मोठ्यानं. मिस्टर आत बसलेत, त्यांना ऐकू कमी येतं." डॉक्टरांनी आवाज चढवला. आतून कोणीतरी ओरडलं, "कोण आलंय गं?" शालिनीताई मागे न वळता म्हणाल्या, "साखळकर आलेत! काहीतरी सांगतायत! ऐका!" आणि डॉक्टरांना म्हणाल्या, "पहिल्यापासून."

त्यांनी पहिल्यापासून वाचलं. त्या शांत गल्लीत, उघड्यावर, घसा ताणून. डोस मी तोंडी सांगितला. सिस्टर पाटणकर यांनी मला दोनदा विचारलं. मी त्यांच्यावर ओरडलो. मृत्यूनंतर मी कागद बदलला. चौकशीत मी खोटं बोललो. शेजारच्या घरातला एक माणूस कचऱ्याचा डबा ओढता ओढता थांबला आणि उगाच झाकण उघडमीट करत राहिला. पत्र संपल्यावर डॉक्टर कागद खाली करून म्हणाले, "मी घाबरलो होतो, शालिनी."

"मीही घाबरलेच होते," त्या म्हणाल्या. "तेव्हा माझी मुलगी चौदा वर्षांची होती. सतरा वर्षं मी हॉटेलातल्या चादरी बदलल्या, डॉक्टर. मी चांगली नर्स होते हो."

"सगळ्यात चांगली," डॉक्टर म्हणाले.

"तेवढं लिहिलंय का त्यात?"

त्यांनी मान हलवली. नव्हतं लिहिलं. सासूबाई मागच्या सीटवरून पुटपुटल्या, "माझ्याकडून राहिलं ते," आणि त्यांचे डोळे भरून आले. डॉक्टरांनी खिशातून पेन काढलं, पत्र दाराच्या चौकटीवर टेकवलं आणि दोन्ही प्रतींवर खाली ती ओळ लिहिली. शालिनीताईंनी हात पदराला पुसले, आपली प्रत घेतली, लिहिलेली ओळ वाचली.

"मी चहा विचारणार नाही तुम्हाला," त्या म्हणाल्या.

"नको विचारूस."

"पायरी निसरडी आहे. सांभाळून उतरा." आणि त्यांनी दार लावलं.

त्या पत्राचं पुढे काय झालं ते मला एडिनबराला कळलं. त्याच उन्हाळ्यात माझी नोकरी तिकडे बदलली. चौकशी पुन्हा उघडली गेली. वर्षभरानं शालिनीताईंच्या नावावरचा ठपका काढल्याचं पत्र त्यांना आलं. चौऱ्याहत्तराव्या वर्षी मला ते काय करायचंय, असं त्या वर्षाताईंना म्हणाल्या, आणि ते फ्रेम करून समोरच्या खोलीत लावलं. वर्षाताई ते बघून आल्या आणि आता सगळ्यांना सांगतात की त्यांना पहिल्यापासूनच शंका होती. डॉक्टर तोवर गेले होते. त्यांचीही चौकशी सुरू झाली होती आणि त्यांनी प्रत्येक प्रश्नाचं उत्तर एका ओळीत दिलं, असं ऐकलं.

मला ते आठवतात त्या शनिवारचे. परत येताना कोपऱ्यावर लाल पोस्टाची पेटी दिसली आणि त्यांनी गाडी थांबवायला सांगितली. उतरले, लिफाफा चिकटवून आत टाकला, पेटीवरच्या पाटीपाशी वाकून टपाल उचलण्याची वेळ वाचली. मी हॉर्न दिला. ते काचेपाशी आले. "बाराला उचलतात," म्हणाले. "पाऊण तास आहे. तुम्ही जा, मी बसनं येईन."

"अहो डॉक्टर, पडलं की आत! आता कुठे जातंय ते?"

"जात नाही. पण मी थांबतो."

आरशात मला ते दिसत राहिले. टाय भिजलेला, छत्री मिटलेली, पेटीला अगदी खेटून उभे. एक बाई पत्र टाकायला आली, तेव्हा ते दोन पावलं बाजूला झाले आणि ती गेल्यावर पुन्हा जागेवर येऊन उभे राहिले.